पंचावन्न तबकड्या, एक चॅपेल : मासाआकी सुझुकी यांच्या कारकिर्दीचा प्रकरण अभ्यास

योहान सेबास्टियन बाख या जर्मन रचनाकाराने चर्चसाठी लिहिलेल्या सुमारे दोनशे कॅन्टाटा (गायक आणि वाद्यवृंदासाठीच्या अनेक भागांच्या रचना) आज उपलब्ध आहेत. त्या सगळ्या ध्वनिमुद्रित करायच्या तर वाद्यवृंद चालवणाऱ्या संचालकाच्या उमेदीची पंधरा-वीस वर्षं त्यातच जाणार, हे उघड आहे. १९९५ साली बाख कॉलेजियम जपान या संस्थेने हे काम हाती घेतलं तेव्हा संस्था जेमतेम पाच वर्षांची होती. तिचे संस्थापक मासाआकी सुझुकी तेव्हा एक्केचाळीस वर्षांचे होते आणि त्यांची ओळख प्रामुख्याने ऑर्गन आणि हार्पसिकॉर्ड (तारा छेडून वाजणारं जुनं कीबोर्ड वाद्य) वादक म्हणून होती. बीआयएस या स्वीडिश कंपनीसाठी सुरू झालेली ही मालिका २०१३ मध्ये पंचावन्नाव्या तबकडीवर संपली. मालिका संपली तेव्हा सुझुकी जगभरात संचालक म्हणून ओळखले जात होते.

हा प्रवास सहसा ‘जपानी माणसाने जर्मन संगीत जिंकलं’ अशा सुरात सांगितला जातो. त्या सुरात कामाचं काहीच कळत नाही. इथे आपण वेगळं पाहणार आहोत : एवढा लांबलचक प्रकल्प मध्येच का कोसळला नाही, आणि त्यामागचे निर्णय संचालकाचे होते की कंटिन्युओ, म्हणजे बासच्या सुरावटीवर स्वरमेळ भरणारी कीबोर्डची साथ, वाजवणाऱ्याचे. आमच्या मते बहुतेक निर्णय दुसऱ्या प्रकारचे होते.

आधीची तयारी

सुझुकींचा जन्म १९५४ मध्ये कोबे शहरात झाला. आईवडील ख्रिस्ती आणि दोघेही हौशी संगीतकार. बाराव्या वर्षापासून ते चर्चमधल्या उपासनेला ऑर्गन वाजवू लागले. टोकियोच्या कला विद्यापीठात त्यांनी आधी संगीतरचना आणि मग ऑर्गनचं शिक्षण घेतलं. त्यानंतर अ‍ॅमस्टरडॅमच्या स्वीलिंक कॉन्झर्व्हेटरीत ते टोन कोपमन यांच्याकडे हार्पसिकॉर्ड आणि पीट के यांच्याकडे ऑर्गन शिकले. १९८३ मध्ये परतल्यावर ते कोबे शोइन महिला विद्यापीठात शिकवू लागले. या विद्यापीठाच्या चॅपेलमध्ये, म्हणजे प्रार्थनागृहात, मार्क गार्निए यांनी बांधलेला फ्रेंच धाटणीचा ऑर्गन आहे. पुढची सगळी मालिका याच चॅपेलभोवती फिरली.

या शिक्षणक्रमात संचालनाची रीतसर पदवी कुठेच नाही. चर्चमधल्या ऑर्गनवादकाला दर रविवारी ठरलेल्या वेळी, ठरलेल्या माणसांना घेऊन, मिळेल तेवढ्या तालमीत काम उभं करावं लागतं. बाख स्वतः जर्मनीतल्या लाइपझिग शहरात नेमकं हेच करत होता.

कंपन्या माघार घेतात तेव्हा

प्रकल्पाचा धोका समजायला आधीचे आणि समकालीन प्रयत्न पाहावे लागतात. निकोलाउस हार्नोनकूर आणि गुस्ताव लिओनहार्ट यांनी १९७१ ते १९८९ या काळात मिळून बाखच्या काळातल्या जुन्या वाद्यांवरची पहिली संपूर्ण मालिका केली. दोघांनी काम वाटून घेतल्यामुळे भार हलका झाला. हेल्मुट रिलिंग यांनी आधुनिक वाद्यांवरची मालिका १९८५ मध्ये, म्हणजे बाखच्या जन्माच्या त्रिशताब्दीला, पूर्ण केली. सुझुकींचे गुरू कोपमन यांनी १९९४ मध्ये इराटो कंपनीसाठी सुरुवात केली. पुढे कंपनीने हात आखडता घेतला आणि २००३ मध्ये कोपमन यांना आंत्वान मार्शां नावाचं स्वतःचं लेबल काढून मालिका तडीस न्यावी लागली. जॉन एलियट गार्डिनर यांनी २००० साली वर्षभर चर्चमधून चर्चमध्ये फिरत कॅन्टाटा सादर केल्या. त्यांच्याही मोठ्या कंपनीने पूर्ण मालिका काढायला नकार दिला आणि ती ध्वनिमुद्रणं नंतर त्यांच्या स्वतःच्या लेबलवर आली.

चारांपैकी दोघांना प्रकाशकाने मध्येच सोडलं, आणि सोडण्याचं कारण दोन्हीकडे पैशाचं होतं. कोपमन यांचे संच तीन-तीन तबकड्यांचे, म्हणजे प्रत्येक वेळी खर्च मोठा. गार्डिनर यांचा दौरा एका वर्षात झाल्याने खर्च एकदम अंगावर आला, विक्री मात्र संथ चालणार होती.

सुझुकींचा वेग पाहा : अठरा वर्षांत पंचावन्न तबकड्या, म्हणजे वर्षाला सरासरी तीन. एका तबकडीवर साधारण तीन ते चार कॅन्टाटा. वर्षातून मोजक्याच वेळा मंडळी जमत, तीच रचना आधी मैफलीत वाजत आणि मग ध्वनिमुद्रित होत असे. यात दोन गोष्टी साधल्या. तालमीचा खर्च मैफलीच्या तिकिटांवर पडला, आणि ध्वनिमुद्रणाच्या दिवशी कुणीही सुरावट वाचत बसलं नाही. बीआयएस ही तेव्हा रॉबर्ट फॉन बार यांनी १९७३ मध्ये काढलेली छोटी कंपनी होती, आणि जुनी तबकडी यादीतून न काढणं हे तिचं जाहीर धोरण होतं. अशा कंपनीला तिमाही विक्रीची घाई नसते. मोठ्या कंपनीशी करार झाला असता तर ही मालिका दहाव्या तबकडीच्या आसपास अडकली असती, असं आम्हाला वाटतं.

क्रम : आधी अवघड, मग प्रसिद्ध

मालिका ढोबळमानाने कालक्रमाने गेली. पहिल्या तबकडीवर चौथी, एकशे पन्नासावी आणि एकशे शहाण्णवावी कॅन्टाटा (हे बाखच्या रचनांच्या सूचीतले क्रमांक, लिहिण्याचा क्रम नव्हे). दुसरीवर एकाहत्तरावी, एकशे एकतिसावी आणि एकशे सहावी. हे सारे बाखच्या उमेदवारीच्या वर्षांतले तुकडे. मग वायमार या शहरातली वर्षं, मग १७२३ पासूनचं लाइपझिग. लोकांना ऐकायची असलेली एकशे चाळिसावी, जागं करणाऱ्या हाकेची, बाखने १७३१ मध्ये लिहिली, म्हणून ती मालिकेतही पन्नाशीच्या पुढे गेली.

विक्रीच्या दृष्टीने हा क्रम उलटा आहे. कलाकारांच्या दृष्टीने मात्र त्यात अर्थ आहे. लाइपझिगच्या पहिल्या दोन वर्षांत बाख आठवड्याला एक या गतीने लिहीत होता आणि एका रविवारच्या प्रयोगाचं उत्तर पुढच्या रविवारी मिळतं. हा धागा कालक्रमानेच हाती लागतो. गोम एवढीच की कालक्रमाने गेलं तर वाद्यांच्या पट्टीचा सगळ्यात किचकट प्रश्न अगदी सुरुवातीला, संस्था सगळ्यात नवखी असताना, समोर येतो.

पट्टीचा गुंता

आज सगळी वाद्यं एका ‘ए’ स्वराला मिळवतात, ४४० हर्ट्झच्या आसपास. बाखच्या काळी एकाच चर्चमध्ये दोन पट्ट्या नांदत. ऑर्गन चढ्या पट्टीत, साधारण ४६५ हर्ट्झ; फ्रेंच पद्धतीचे ओबो, बासून यांसारखी फुंकवाद्यं उतरत्या पट्टीत, साधारण ४१५ किंवा त्याहून खाली. ४१५ आणि ४६५ मध्ये पूर्ण एका स्वराचं अंतर आहे.

लाइपझिगमध्ये बाखने सोपा तोडगा काढला : सगळे ४१५ मध्ये, आणि ऑर्गनवादकाचा कागद (त्याच्या वाट्याची लिखित सुरावट) एक स्वर खाली उतरवून लिहायचा. वायमारमध्ये उलटं होतं. तिथे तंतुवाद्यं ऑर्गनला मिळवत, म्हणजे चढ्या पट्टीत, आणि ओबोचा कागद वेगळ्या स्वरात लिहिला जाई. सगळ्यांच्या सुरावटी एकत्र असलेल्या छापील संहितेत एकाच सुरावटीचे दोन स्वर दिसतात ते त्यामुळेच.

आजच्या संचालकापुढे तीन वाटा असतात. तंतुवाद्यं खरोखर ४६५ ला चढवायची : आवाज तेजस्वी होतो, पण आतड्याच्या तारा तुटतात, विशेषतः व्हायोलिनची सगळ्यात वरची तार, आणि सोप्रानो गायिकांचा वरचा ‘ए’ आजच्या ‘बी फ्लॅट’इतका उंच जातो. दुसरी वाट, सगळं ४१५ मध्ये, लिहिलेल्याच स्वरात : गळ्याला आराम, पण बास गायकाचे खालचे स्वर ऐकूच येत नाहीत आणि ओबोवाल्याला वाद्याच्या टोकाशी किंवा टोकाबाहेर जावं लागतं. तिसरी वाट, ४१५ ठेवून तंतुवाद्यांचे कागद एक स्वर वर लिहायचे : कानाला पट्टी बरोबर येते, पण व्हायोलिनच्या मोकळ्या तारांचा नाद जातो. बाखने एखादी सुरावट डी मेजरमध्ये लिहिली असेल तर ती मोकळ्या तारांसाठीच, हे वादकाला हाताखाली कळतं.

यातली कुठलीही वाट कायमची घेता येत नाही. रचनेगणिक ठरवावं लागतं. आणि ते ठरवायला संहिता वाचणं पुरत नाही. ऑर्गनवादकाचा उतरवलेला कागद स्वतः वाजवून पाहिलेला माणूस लागतो. जी मायनरमधली कॅन्टाटा ऑर्गनवर एफ मायनर होते आणि एफ मायनरमधली ई फ्लॅट मायनर. त्या काळच्या असमान स्वरजुळणीत ई फ्लॅट मायनरचे काही स्वरमेळ कडू लागतात. ते कडूपण हवंय की झाकायचंय? हवं असेल तर ऑर्गन पुढे ठेवायचा. नको असेल तर त्या जागी हार्पसिकॉर्डला काम द्यायचं.

दोन कीबोर्ड

हार्पसिकॉर्ड आणि ऑर्गन एकाच वेळी वाजवण्याची पद्धत बाखच्या लाइपझिगमध्ये होती. १७ ऑक्टोबर १७२७ रोजी विद्यापीठाच्या चर्चमध्ये झालेल्या शोकगीताच्या वर्णनात बाख स्वतः हार्पसिकॉर्डवर होता आणि ऑर्गनही वाजत होता, अशी नोंद आहे. सुझुकींच्या रचनेला हा आधार आहे. साधारणपणे ऑर्गनवर दुसरा वादक आणि संचालकासमोर हार्पसिकॉर्ड. याला उलट साक्षही आहे : बाखचा मुलगा कार्ल फिलिप एमानुएल याने लिहून ठेवलं आहे की वडील व्हायोलिन हातात घेऊन वाद्यवृंद हार्पसिकॉर्डपेक्षा जास्त शिस्तीत ठेवत. म्हणजे कीबोर्डवरून संचालन करताना काहीतरी निसटतं, हे तेव्हाही माहीत होतं.

काय निसटतं ते नीट सांगता येतं. हार्पसिकॉर्डचा स्वर छेडताच विरू लागतो. संचालकाने इशाऱ्यासाठी उजवा हात उचलला की स्वरमेळ तुटतो आणि भोक पडतं. दोन्ही हात खाली ठेवले तर मागच्या रांगेतल्या ट्रम्पेटवाल्याला डोक्याच्या झटक्यावर भागवावं लागतं. शिवाय तो दहा मीटरवर असेल तर त्याचा आवाज हार्पसिकॉर्डपाशी सुमारे ३० मिलिसेकंद उशिरा पोचतो. संचालकाने त्या आवाजाला धरून वाजवलं की हळूहळू सगळा ताल मागे ओढला जातो.

म्हणून ऑर्गनचा दुसरा वादक लागतो. तो स्वरमेळ धरून ठेवतो आणि संचालकाचे हात मोकळे होतात. सहा-सात भागांच्या नेहमीच्या कॅन्टाटात हात खरोखर कुठे लागतात? सुरुवातीच्या मोठ्या समूहगानात, विशेषतः तीन ट्रम्पेट आणि टिंपानी असतील तर. एका ओबोसह असलेल्या आरियात (एकल गीतात) नाही. तिथे संचालक हात हलवत राहिला तर गायक आणि ओबोवादक एकमेकांचं ऐकणं सोडून त्याच्याकडे पाहू लागतात आणि वाक्यरचना ताठ होते. एक श्वास देऊन वाजवायला बसावं, हे उत्तम. साध्या संवादगायनात (बोलल्यासारख्या गाण्यात) तर हातवारे नकोतच. तिथे बासचे स्वर कागदावर लांब लिहिलेले असतात, पण वाजवताना बहुधा आखूड ठेवतात. मत्तयाच्या शुभवर्तमानावरच्या पॅशनच्या (येशूच्या यातनांच्या संगीतकथेच्या) बाबतीत बाखच्या मूळ संहितेत लांब आणि वादकांच्या कागदांत आखूड असे दोन्ही पुरावे आहेत. आखूड स्वरमेळ कुठल्या शब्दानंतर टाकायचा, तो खालून वर पसरवायचा की एकदम, हे गायकाच्या ओठांकडे पाहून ठरतं, आणि ते काम कीबोर्डवरचाच माणूस करू शकतो.

दोन कीबोर्डांचा धोका असा की ते एकमेकांना धरून वाजवू लागले की दोन ठोके ऐकू येतात. उपाय : दोघांनीही एकमेकांऐवजी चेलोच्या गजाकडे पाहायचं, आणि दोन्ही वाद्यं चेलोच्या दोन बाजूंना, हाताच्या अंतरावर. बाख कॉलेजियममध्ये ही चेलोची खुर्ची अनेक वर्षं सुझुकींचे धाकटे बंधू हिदेमी यांच्याकडे होती, आणि ते स्वतः युरोपातल्या जुन्या वाद्यांच्या वाद्यवृंदांत तयार झालेले. बास खात्रीचा असेल तर वर चुका झाल्या तरी इमारत उभी राहते.

सुरात ठेवण्याचा प्रश्न वेगळाच. ध्वनिमुद्रण चालू असताना वातानुकूलन बंद ठेवावं लागतं, आणि वीस-पंचवीस माणसं असलेल्या खोलीचं तापमान चढतं. ऑर्गनच्या नळ्यांचा स्वर दर अंश सेल्सियसला सुमारे तीन सेंट (एक सेंट म्हणजे अर्ध्या स्वराचा शंभरावा भाग) वर जातो. ४१५ वर हे जवळजवळ पाऊण हर्ट्झ होतं. हार्पसिकॉर्डच्या तारा मात्र गरम झाल्या की सैल पडून उतरतात. दोन अंशांचा फरक पडला की दोन्ही कीबोर्ड एकमेकांशी बेसूर ऐकू येतात. म्हणून दर सत्राआधी हार्पसिकॉर्ड ऑर्गनला मिळवायचा, उलट नाही, आणि जोडून लावायचे दोन तुकडे एकाच तापमानात घ्यायचे. सकाळचा पहिला टेक आणि संध्याकाळचा शेवटचा टेक संपादनात जोडता येत नाही, हा धडा प्रत्येक ध्वनिमुद्रण पथक एकदा तरी घेतं.

टेकच्या क्रमालाही कारण असतं. ट्रम्पेटचे भाग आधी, कारण ओठ थकतात आणि त्या वादकांना रोजाने बोलावलेलं असतं, मग समूहगानं, मग आरिया, संवादगायन शेवटी, कारण त्याला तीन-चारच माणसं लागतात.

चॅपेल आणि शब्द

कोबेच्या चॅपेलमध्ये घुमारा लांब आहे. एकच जागा अठरा वर्षं वापरल्याने माइक कुठे, गायक कुठे, लय किती हे दर वेळी नव्याने शोधावं लागलं नाही, आणि पहिली व शेवटची तबकडी एका मालिकेची वाटते. गार्डिनर यांच्या मालिकेत दर चर्चचा वेगळा आवाज आहे; त्याची मजा आहे, पण तो वेगळा पदार्थ.

घुमाऱ्यात शब्द बुडतात, आणि इथे जपानी गायकांची अडचण दुप्पट होती. जपानी अक्षर स्वराने किंवा अनुनासिकाने संपतं. जर्मनमध्ये व्यंजनांचे जुडगे असतात. ‘आंग्स्ट’ या एका अक्षराच्या शब्दाचं जपानी जिभेवर सहज ‘अंगुसुतो’ होतं, म्हणजे चार अक्षरं. तालमीत उपाय ठरलेला : आधी शब्द लयीत नुसता बोलायचा, गायचा नाही, स्वर ठोक्यावर आणि त्याआधीचं व्यंजन ठोक्याच्या अलीकडे, शेवटचा ‘ट’ कुठल्या विरामावर पडणार हे कागदावर पेन्सिलने लिहायचं. सोळा जणांचे सोळा ‘ट’ वेगवेगळे पडले तर घुमाऱ्यात खडखडाट होतो. ‘स’ सगळ्यात लांब ऐकू जातो, म्हणून तो सगळ्यांनी आखूड करायचा, आणि काही ठिकाणी प्रत्येक आवाजातल्या एकानेच म्हणायचा.

गायकांच्या संख्येत सुझुकी मध्यम मार्गाने गेले. १९८१ पासून अमेरिकन संगीतज्ञ जोशुआ रिफकिन यांनी प्रत्येक आवाजाला एकच गायक हा पक्ष मांडला होता. बाखने २३ ऑगस्ट १७३० रोजी नगरपरिषदेला दिलेल्या निवेदनात प्रत्येक आवाजाला तीन, जमल्यास चार गायक हवेत असं म्हटलं आहे. बाख कॉलेजियमचं समूहगान बहुतेकदा याच आकड्याच्या आसपास असतं, आणि सोलो गाणारेही समूहात गातात. पेटर कोय, गेर्ड ट्युर्क, रॉबिन ब्लेझ हे युरोपीय गायक वर्षानुवर्षं येत राहिले. त्यांचं जर्मन बाजूला उभ्या असलेल्या जपानी गायकाच्या कानात सतत पडत राहिलं. भाषाशिक्षकाला जे जमलं नसतं ते या मांडणीने साधलं.

किंमत

फायद्यांबरोबर तोटेही मोजायला हवेत. सुरुवातीच्या काही तबकड्यांत काळजी जास्त आणि मोकळेपणा कमी जाणवतो. कालक्रम आणि संस्थेचा नवखेपणा एकत्र आल्याचा हा परिणाम. दुसरं, चाळिशी-पन्नाशीत संचालकाची ओळख पक्की होते त्याच काळात सुझुकी ‘बाखवाले’ ठरले. मोत्झार्टचं रेक्विएम (मृतांसाठीच्या प्रार्थनेचं संगीत) २०१४ मध्ये, बीथोवनची मिसा सोलेम्निस ही प्रार्थनारचना आणि नववी सिंफनी त्यानंतर आली, साठीच्या आसपास. आधुनिक वाद्यवृंदांची मोठी निमंत्रणं, न्यूयॉर्क फिलहार्मोनिकसारखी, मालिकेने नाव झाल्यावरची. येल विद्यापीठात २००९ ते २०१३ समूहगान संचालनाचं अध्यापनही त्याच ओघात. जो तरुण संचालक या वाटेने जाऊ पाहतो त्याने हा उशीर गृहीत धरावा.

कीबोर्ड मात्र कधी सुटला नाही. बाखच्या हार्पसिकॉर्ड रचनांची मालिका कॅन्टाटांच्या जोडीने चालली, आणि नंतर ऑर्गन रचनांची सुरू झाली : पहिला खंड नेदरलँड्समधल्या ख्रोनिंगेनच्या मार्टिनी चर्चमध्ये, दुसरा त्याच कोबेच्या चॅपेलमध्ये, तिसरा फ्रायबेर्गच्या झिल्बरमान ऑर्गनवर. हातात वाद्य राहिल्यामुळे वाद्यवृंदापुढे उभं राहूनही ते वादकांच्या अडचणी बोटांनी ओळखतात, हे त्यांच्या तालमीत दिसतं. मुलगा मासातो हाही हार्पसिकॉर्ड-ऑर्गन वादक आणि रचनाकार. मोत्झार्टच्या अपुऱ्या राहिलेल्या रेक्विएमची या ध्वनिमुद्रणातली पूर्तता त्याचीच. २०१८ पासून तो बाख कॉलेजियमचा प्रमुख संचालक आहे.

मार्च २०२० मध्ये बाख कॉलेजियम तीसाव्या वर्षानिमित्त युरोपच्या दौऱ्यावर बाखचं योहानाच्या शुभवर्तमानावरचं पॅशन घेऊन गेलं होतं. कोविडच्या साथीमुळे दौरा कोसळला. कोलोनच्या फिलहार्मोनी सभागृहात श्रोत्यांविना प्रयोग झाला, आणि सगळे देश बंद होण्याच्या त्या दिवसांतच तिथे संपूर्ण पॅशन ध्वनिमुद्रितही झालं. रचना दौऱ्यात बसलेली, गायक ठरलेले, कंपनी तीच. नवीन होतं फक्त सभागृह.